सोळा अँपिअरचे बाबा

या देशात बाहेरून किती ब्रेकर येतात हे माझ्याइतकं कुणालाही माहीत नाही, असं मी एकदा चारचौघांत म्हणालो होतो आणि कुणीही वाद घातला नव्हता. कुणाला त्यात रस नव्हता, ही गोष्ट वेगळी.

ब्रेकर म्हणजे दाराजवळच्या पेटीतलं ते बटण. घरातल्या विजेवर भार जास्त झाला की ते स्वतःहून खाली पडतं, आणि मग घरातली माणसं एकमेकांकडे संशयाने बघतात. आमची कंपनी असे ब्रेकर परदेशातून आणते आणि परदेशात पाठवतेही. आयात विभाग म्हणजे मी, एक टेबल आणि एका बाजूने झुकलेला पंखा. निर्यात विभाग म्हणजे समोरचं टेबल आणि त्यामागे बसणाऱ्या एक बाई, ज्यांना मी निर्यातताई म्हणतो. त्या मला नुसतं ‘आयात’ म्हणतात. सकाळी आल्यावर विचारतात, ‘काय आयात, आज किती?’ मी आकडा सांगतो. त्या त्यांचा आकडा सांगतात. ज्याचा आकडा मोठा, त्याच्याकडे पंखा. इतका साधा व्यवहार आहे.

एवढं सगळं असून मी स्वतः ब्रेकर कधी उघडून बघितला नव्हता. माझ्या कामात फक्त आकडा बघायचा असतो, आणि आकडा मोठा असला की चांगलं असतं. हे वाक्य कृपया लक्षात ठेवा. पुढे यानेच माझा घात केला.

बाबांनी मात्र एकतीस वर्षं ब्रेकरच बघितले. ते ब्रेकरच्या कारखान्यात तपासनीस होते. प्रत्येक ब्रेकरवर मुद्दाम जास्त भार टाकायचा, तो वेळेत पडतो का बघायचं, पडला की कडेला हिरव्या शाईचा ठिपका द्यायचा. पडला तर पास, उभा राहिला तर नापास. उलट्या शाळेचे मास्तरच म्हणा. आठ महिन्यांपूर्वी ते निवृत्त झाले, खिडकीजवळच्या खुर्चीत बसले आणि बोलायचे थांबले. भांडण नाही, रुसवा नाही. चहा दिला की घेतात, काही विचारलं की ‘हं’ म्हणतात. आई म्हणायची, ‘माणूस घरी आलाय, आवाज कारखान्यात राहिलाय.’

अपवाद एकच. घरातला ब्रेकर पडला, की बाबा उठायचे.

ते उठणं बघण्यासारखं होतं. आधी चष्मा. मग भर दिवसा बॅटरी. मग स्टूल. ‘कुणी कशाला हात लावू नका,’ असं म्हणत ते पेटीसमोर उभे राहायचे आणि नाडी बघितल्यासारखं एक बोट ब्रेकरवर ठेवायचे. मग आईची साक्ष व्हायची.

‘काय लावलं होतं?’

‘काही नाही. नुसती इस्त्री.’

‘आणि?’

‘आणि गीझर.’

‘आणि?’

‘आणि ओव्हन. पण जरासाच.’

हे सगळं एका वहीत लिहिलं जायचं. मग अंगठ्याने बटण वर. टक्! पंखे फिरायचे, आणि बाबा पुढचा पाऊण तास बोलायचे. भार म्हणजे काय, तार का तापते, त्यांच्या साहेबांनी एकदा चुकून स्वतःलाच कसं कोठारात कोंडून घेतलं होतं. मग हळूहळू परत खुर्ची आणि ‘हं’.

आठवड्यातले दोन दिवस मी घरून काम करतो. ब्रेकर पडला की माझा कॉम्प्युटर बंद पडायचा आणि भरलेला तक्ता पाण्यात जायचा. एकदा पूर्ण सहामाहीची आयात गेली. पण ते कारण मी दुय्यम मानतो. मुख्य विचार उदात्त होता: या वयात बाबांनी दिवसातून दोनदा स्टुलावर का चढावं? त्यांचा साठावा वाढदिवस आला होता. मी ठरवलं, त्यांना या त्रासातून कायमचं सोडवायचं.

कंपनीच्या नमुन्यांतून मी एक ब्रेकर निवडला. परदेशी. चंदेरी खोकं, आत जणू अंगठी ठेवली आहे असा मखमली कागद. घरचा जुना ब्रेकर सोळा अँपिअरचा होता. हा त्रेसष्टचा! म्हणजे जवळजवळ चौपट चांगला. बाबा केस कापायला गेले, तेवढ्यात मी मेन बंद केलं, दोन स्क्रू सोडले, दोन आवळले आणि पेटीचं झाकण लावून टाकलं. आई बाजारात गेली होती. वाढदिवसाला सांगून चकित करू म्हणून मी कुणालाच काही बोललो नाही.

जुना ब्रेकर खिशात घालून ऑफिसला गेलो. निर्यातताई एका खोक्यात नमुने भरत होत्या.

‘आयात, जुन्या बनावटीचा एखादा आहे का? परदेशातल्या गिऱ्हाइकाला बघायचाय. टिकाऊ किती असतो ते.’

‘हा घ्या. आमच्या घरी एकोणतीस वर्षं टिकलाय.’

‘तुझ्या घरात टिकलाय म्हणजे कुठेही टिकेल,’ असं म्हणून त्यांनी तो खोक्यात टाकला आणि चिकटपट्टी ओढली.

पहिल्या दिवशी वीज गेली नाही. दुसऱ्या दिवशी गेली नाही. मी खुशीत तक्ते भरत होतो. तिसऱ्या दिवशी लक्षात आलं, की घरात जरा उकडतंय. स्वयंपाकघरात डोकावलो तर आईने इस्त्री, गीझर, ओव्हन आणि मिक्सर एकदम चालू केले होते. मिक्सर रिकामा होता. ओव्हनही रिकामा होता. आई मधोमध उभी राहून छताकडे बघत होती.

‘आई, काय करतेयस?’

‘काही नाही. नुसती इस्त्री.’

चौथ्या दिवशी तिने शेजारच्या काकूंकडून केस वाळवायचं यंत्र आणलं. पाचव्या दिवशी काकूंचा हीटर आला. काकू म्हणाल्या, ‘एवढी थंडी वाजतेय का हो तुम्हाला?’ आई घाम पुसत म्हणाली, ‘फार!’ आणि बाबा खुर्चीत. त्यांनी आता ‘हं’ सुद्धा सोडलं होतं. नुसती मान हलवायचे. वही मांडीवर उघडी आणि पान कोरं.

सहाव्या दिवशी आईने मला स्वयंपाकघरात ओढलं आणि दार लावून घेतलं.

‘खरं सांग. त्या पेटीला काय केलंस?’

मी अभिमानाने सांगितलं. त्रेसष्ट. परदेशी. मखमली कागद.

आई ओट्याला टेकली. ‘अरे गाढवा, तो पडत नव्हता. मी पाडत होते.’

‘म्हणजे?’

‘म्हणजे रोज. सकाळी दहाला आणि संध्याकाळी पाचला. आठ महिने! तेवढाच तो माणूस उठून उभा राहतो. तेवढाच बोलतो. आणि तू वाढदिवसाची भेट म्हणून त्यांना कायमचं बसवून ठेवलंस होय?’

असं काही ऐकल्यावर माणसाने खाली बघावं. मी बघितलं. खाली काकूंचा हीटर होता.

‘तो जुना आणून बसव. आजच्या आज. आम्ही या घरात राहायला आलो तेव्हा त्यांनी स्वतः तपासून आणलेला आहे तो. आणि ह्यांना कळता कामा नये.’

मी धावत ऑफिसला गेलो. निर्यातताईंनी घड्याळ बघितलं. ‘तुझा ब्रेकर? आत्ता समुद्रात असेल. दुपारचं जेवण करून डेकवर पडला असेल.’

‘परत आणायचाय.’

‘बाहेरून इथे येणार म्हणजे आयात. ते तुझं खातं. भर फॉर्म.’

आयुष्यात पहिल्यांदा मी स्वतःच स्वतःकडे अर्ज केला. वस्तू: ब्रेकर. नग: एक. स्थिती: जुनी. आयातीचं कारण: इथे मी बराच वेळ थांबलो. शेवटी लिहिलं, ‘वडील’. शिक्का मारला आणि जकातीच्या कचेरीकडे पाठवून दिला.

घरी पोचलो तेव्हा पाच वाजत आले होते. आईने हार मानलेली नव्हती. होतं नव्हतं ते सगळं एकदम चालू होतं. घर विमानासारखं घरघरत होतं, फक्त उडत नव्हतं. ब्रेकर ढिम्म. आणि तेवढ्यात खिडकीजवळच्या खुर्चीतून आवाज आला.

‘वास येतोय.’

सहा दिवसांतले पहिले दोन शब्द. बाबा उठले. चष्मा नाही, बॅटरी नाही. सरळ जाऊन त्यांनी मेन खाली ओढलं. सगळं शांत झालं. मग त्यांनी ओव्हनच्या प्लगजवळची भिंत तळहाताने चाचपली, ताप बघतात तशी.

‘सगळ्यांनी लांब व्हा. ही तार शिजत होती.’

स्टूल आलं, चष्मा आला, झाकण उघडलं. बाबांनी ब्रेकरवरचा आकडा वाचला. मग माझ्याकडे बघितलं.

‘कुणाचा पराक्रम?’

‘माझा. तुमच्या वाढदिवसाची... म्हणजे, बाबा, त्रेसष्ट आहे. मोठा.’

‘तार सोळाची आणि ब्रेकर त्रेसष्टचा. म्हणजे आधी घर जळेल, त्यानंतर काकूंचं जळेल, आणि मग हा विचार करेल, पडावं का. ब्रेकर तारेच्या मापाने घेतात रे. तू कुठे कामाला आहेस म्हणालास?’

त्यांनी स्क्रू सोडले, ब्रेकर हातात घेतला, सवयीने कडेला वळवला, आणि थांबले. चंदेरी पट्टीचा कोपरा नखाने सोलला. खाली हिरव्या शाईचा एक ठिपका होता आणि ठिपक्याला उलट्या बाजूला झुकलेली छोटीशी शेपटी.

‘अगं, इकडे ये,’ त्यांनी आईला हाक मारली. ‘हे बघ.’

‘काय आहे?’

‘माझा आहे हा.’

बाबा डावरे आहेत. त्यांच्या टेबलावर ठिपक्याची शेपटी उलटी पडायची, आणि सगळा कारखाना त्यांना त्यावरून चिडवायचा. चार वर्षांपूर्वी त्यांच्या कारखान्यातून त्रेसष्टची मोठी ऑर्डर आमच्याच कंपनीमार्फत परदेशी गेली होती, त्यातला हा. तिकडे कुणीतरी त्याला चंदेरी पट्टी लावली, मखमलीत गुंडाळलं आणि ‘परदेशी’ म्हणून माझ्याकडे परत पाठवलं. मीच शिक्का मारला असणार. म्हणजे निर्यातताई आणि मी, दोघं समोरासमोर बसून इतकी वर्षं एकमेकांना तीच खोकी पाठवत होतो. मध्ये समुद्र होता, इतकंच.

बाबा हसायला लागले. स्टुलावर बसून, ब्रेकर तळहातावर घेऊन, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. ‘जग फिरून आला आणि चुकीच्या मापाच्या घरी लागला!’

आई पदराने चष्मा पुसत होती. तिला चष्मा नाही. तो बाबांचा होता.

‘बाबा, पण तुमचा जुना ब्रेकर...’ मी कबुली दिली. ‘तो परदेशी गेलाय.’

‘जाऊ दे. एकोणतीस वर्षं एका भिंतीत होता. बघेल जरा जग.’ त्यांनी कपाटातून सोळाचा एक काढला. त्यांच्याकडे असे अकरा होते. आई तार थंड झाली का बघायला आत गेली, तेव्हा बाबांनी मला वही धरायला दिली. मी सहज पान उलटलं. सगळ्या नोंदी बाबांच्या रेखीव अक्षरात होत्या.

‘१० वाजून २ मि. इस्त्री, गीझर, ओव्हन. इस्त्रीचे कपडे: रुमाल.’

‘५ वाजून १ मि. इस्त्री, गीझर, ओव्हन. इस्त्रीचे कपडे: तोच रुमाल.’

पुढचं पान, तोच रुमाल. मागचं पान, तोच रुमाल. आठ महिने.

‘बाबा, तुम्हाला माहीत होतं?’

‘भार कधी घड्याळ बघून येत नाही,’ ते स्क्रू आवळत हळूच म्हणाले. ‘एकतीस वर्षं पाडतोय मी. पडलेला कुठला आणि पाडलेला कुठला, मला कळत नाही होय?’

‘मग उठायचात कशाला?’

‘ती हाक मारते ना.’ बाबांनी बटणावर अंगठा ठेवला. ‘एवढी वर्षं दिवसभर मी कारखान्यात. तिला घरात हाक मारायला कुणी नव्हतं. आता लागलीय सवय, तर मोडायची कशाला? आणि हे तिला सांगायचं नाही.’

टक्!

तेव्हापासून मी दोघांचं एकच गुपित सांभाळतोय, दोन वेगवेगळ्या खोल्यांत.

परवा जकातीच्या कचेरीतून पत्र आलं. माझा अर्ज अडकला होता. ‘आयातीचं कारण या रकान्यात वडील असे नमूद आहे. सदर माल कोणत्या वर्गात मोडतो, याचा खुलासा करावा.’ मी घरी बसून कॉम्प्युटरवर खुलासा लिहायला घेतला. शिक्का मारणाऱ्या माणसाला समजेल अशा भाषेत सगळं लिहिलं. सोळा अँपिअर, खुर्ची, रुमाल, उलटी शेपटी. दीड पान झालं. एवढं चांगलं मी आजवर काही लिहिलं नव्हतं. एकदा पहिल्यापासून वाचून काढलं आणि घड्याळाकडे बघितलं.

पाच वाजून एक मिनिट.

पंखा थांबला. पडदा काळा झाला. सेव्ह केलं नव्हतं.

‘काय लावलं होतं?’ खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

‘काही नाही,’ आई म्हणाली. ‘नुसती इस्त्री.’