किसनतात्यांचं वाळूक

किसनतात्यांच्या घरी वाळूक खाल्लं, की निघण्यापूर्वी त्यांच्यासमोर दात कोरावे लागतात. कडुलिंबाच्या काड्या ते स्वतः देतात. पुढ्यात पितळी परात असते, चूळ तिच्यात टाकायची. मग तात्या धोतराच्या सोग्यानं चष्मा पुसतात, परातीत वाकून बघतात आणि म्हणतात, "हां, आता जावा." एखादं बी दाढेत अडकून गावाबाहेर जाईल, अशी त्यांना भीती असते. पाहुण्यावर त्यांचा विश्वास आहे. पाहुण्याच्या दाढेवर नाही.

वाळूक ज्यांनी पाहिलं नाही त्यांनी काकडी आणि खरबूज यांच्या मधलं काहीतरी डोळ्यांसमोर आणावं. आमच्याकडे बाजरी-कापसाच्या ओळींतून त्याचे वेल सोडून देतात आणि भादव्यात फळं पिकतात. आता बहुतेकांचं बी दुकानातल्या पाकिटातून येतं. त्याची वाळकं दिसायला एकसारखी असतात आणि चवीला कशासारखीच नसतात. तात्यांचं वाळूक मात्र पिकलं की आपोआप उकलतं आणि त्याचा वास बांध ओलांडून माझ्या रानात येतो. आमचा बांधाला बांध असल्यामुळे हा वास मला फुकट मिळतो. तात्यांना ते मनापासून मान्य नाही.

मी बीडला कॉलेजात शिकवतो आणि शनिवार-रविवार गावी असतो. गाव लिंबागणेशच्या पुढं, फाट्यावरून आत. तात्या मला 'सर' म्हणतात, पण बांधावर मी खाली वाकलो की लांबून हाक येते, "सर, काय उचललं?" मी चप्पल झाडून दाखवतो.

तात्या पहिल्यापासून संशयी होतेच. पण त्या संशयाला कायद्याचं बळ मिळालं ते तालुक्याच्या एका शिबिरात. जेवण चांगलं असतं म्हणून ते गेले होते. तिथं एका वक्त्यानं सांगितलं, की आपल्या हळदीवर परदेशात कुणी पेटंट घेतलं होतं आणि ते रद्द करून घ्यायला आपल्याला भांडावं लागलं. पुढं त्यानं हेही सांगितलं, की कुणाचं बियाणं न्यायचं तर त्याची पूर्वसंमती घ्यावी लागते आणि फायदा झाला तर त्यातला वाटा द्यावा लागतो. जेवणाचं तात्या विसरले. 'पूर्वसंमती' आणि 'वाटा' हे दोन शब्द घेऊन ते घरी आले, आणि त्या दिवसापासून गावाला सुख नाही.

न्हाव्यानं मिशी जरा जास्त कापली. "पूर्वसंमती घेतलती का?" शेजारच्या मधमाश्या त्यांच्या सूर्यफुलावर येऊन गेल्या, तेव्हा मधात वाटा मागितला. सप्त्यात कीर्तनकारबुवांनी तात्यांचाच एक जुना विनोद सांगितला आणि मंडप हसला. तात्या उभे राहिले. म्हणाले, "महाराज, इनोद आमचा हाय. नारळात निम्मा वाटा पायजे." बुवांनी अख्खा नारळ दिला. तात्यांनी निम्मा फोडून परत केला. कायदा म्हणजे कायदा.

सगळ्यात गाजलं ते बकरीचं प्रकरण. गफूरभाईंची बकरी कुंपणातून शिरली आणि एक पिकलेलं वाळूक बियांसकट खाऊन गेली. दुसऱ्या कुणी नुकसानभरपाई मागितली असती. तात्यांनी लेंड्या मागितल्या.

"सगळ्या?" गफूरभाईंनी विचारलं.

"सगळ्या. माझं बी हाय तिच्या पोटात."

"तात्या, बकरी हाय ती, ब्यांक न्हाई. ठेवलेलं कवा परत देईल, मी काय सांगू?"

"म्हणून तर म्हणतो, एकबी लेंडी हिकडं-तिकडं जाऊ द्यायची न्हाई."

गफूरभाई भला माणूस. रोज सकाळी घमेलं भरून लेंड्या आणून टाकायचा, आणि वर सलाम करायचा. त्या वर्षी तात्यांच्या बाजरीला जे खत मिळालं ते पंचक्रोशीत कुणाला मिळालं नसेल. तरी पावसाळ्यात गफूरभाईंच्या अंगणात एक वेल उगवलाच. तात्यांनी तो उपटला नाही. रोज जाऊन पाणी घालत होते. वेल माझा, अंगण तुमचं, फळं निम्मी-निम्मी, बी सगळं माझं, असा तोंडी करार झाला. साक्षीदार म्हणून मला बोलावलं होतं.

एवढ्या राखणीनंतर वाणाची सरकारदरबारी नोंद व्हायला हवी, असं तात्यांच्या मनानं घेतलं. शेतकऱ्याच्या नावावर वाण नोंदवायची सोय कायद्यात आहे. अर्ज मी भरून दिला. बातमी फुटली तसे पंचायत समितीचे सभापती हार घेऊन आले. गावात कुठलंही काम अर्ध्यावर आलं की सभापती येतात. तासभर भाषण झालं. वाळकाला आपल्या वडिलांचं नाव द्यावं, अशी सूचना त्यांनी जाता जाता केली. "त्यांनी कवा आळं खोदलं होतं का?" तात्यांनी विचारलं. सभापतींनी हार तेवढा ठेवला. तोही तात्यांनी बैलाला घातला.

भादव्यात चौकशीला कृषी खात्याच्या एक मॅडम आल्या. योगायोगानं तात्यांची लेक शकू तेव्हा माहेरी आलेली होती. तशी ती दर भादव्यात येते. नवरा परळीच्या वीज केंद्रात आहे, क्वार्टरमागं छोटं परस आहे. वर्षातून एकदा, वाळकाच्या दिवसांत, ती पोरं घेऊन येते आणि जाताना परसात लावायला बी मागते. तात्या दर वेळी तेच उत्तर देतात, "ह्यो वाण रानाबाहेर जात न्हाई." सख्ख्या लेकीलासुद्धा बी न देणारा माणूस म्हणून गावात त्यांच्याबद्दल कुजबुज आहे. मीही त्या कुजबुजीत भाग घेतलेला आहे.

मॅडमनी वाळूक खाल्लं. दातही कोरले. मग कामाचं विचारायला लागल्या.

"हे बी तुमच्याकडं आलं कुठून?"

तात्यांनी घसा खाकरला. "आमच्या मंडळीनं आणलतं. माहेराहून. लुगड्याच्या पदराला बांधून."

"त्यांच्या माहेरी आहे का अजून?"

"न्हाई. तिथलं गेलं समदं. मंडळीबी गेली आता."

मॅडम म्हणाल्या, "नोंद करायची तर थोडं बी आमच्या बी-बँकेत ठेवावं लागेल, तात्या. आणि हा कायदा वाण कोंडून ठेवायला नाहीये. शेतकऱ्यानं बी राखावं, पेरावं, एकमेकांना द्यावं, यासाठी आहे. कंपनीनं उद्या त्यावर मालकी सांगितली तर आम्ही भांडू. पण एखाद्या वर्षी तुमचं रान वाहून गेलं, तर कुणाशी भांडायचं?"

तात्या उठून आतल्या खोलीत गेले. तिथं भिंतीला शेणाच्या वाटोळ्या थापट्या लावलेल्या असतात. राखेत घोळलेलं बी त्यांच्यात दाबून वाळवलं, की कीड लागत नाही. त्यांच्या मंडळींनी शिकवलेली रीत. एक थापटी घेऊन ते बाहेर आले आणि मॅडमच्या हातात देताना दोन्ही हातांनी दिली.

शकू दारात उभी होती. वडिलांना ती दादा म्हणते. "सरकारला दिलं, आता मला तरी द्या की दादा."

"तुला न्हाई."

"कावून?"

तात्यांनी माझ्याकडं पाहिलं, मॅडमकडं पाहिलं. आम्ही दोघांनीही तिथून जावं असं त्यांना वाटत होतं, पण मॅडमची पिशवी तात्यांच्याच खुंटीला होती. शेवटी ते जमिनीकडं बघून म्हणाले, "तुझ्या परसात वाळकं यायला लागली, तर भादव्यात हिकडं कावून येशील तू?"

शकू उंबऱ्यावर बसली.

"दादा, मला वाळूक आवडत न्हाई."

"आँ?"

"लहानपणापासून न्हाई. आईला ठाव होतं. तुमी इतक्या हौसेनं फोडता म्हणून खाते."

तात्यांचा चेहरा फसवणूक झाल्यासारखा झाला. "आन् दर साली येतीस ती?"

"बाप हाय म्हून येते. वाळकासाठी परळीहून कोण येतंय, दोन गाड्या बदलून?"

"मग बी कशाला मागतीस?"

"आईनं आणलतं म्हून. परसात वेल असला म्हंजे झालं. पोरं खातील."

तात्या पुन्हा आत गेले. बराच वेळ आले नाहीत. मॅडमनी पिशवी काढून घेतली, आम्ही उगाच पावसाबद्दल बोललो. तात्या आले तेव्हा हातात एक थापटी होती, चांगली जाड. ती त्यांनी शकूच्या ओंजळीत ठेवली, आणि तिथंच उभे राहून विचारलं,

"मग तुला आवडतं काय?"

शकू थोडी हसली, थोडं नाक ओढलं. "धपाटे," ती म्हणाली. "आई करायची तसले."

दिवाळी झाल्यावर एका रविवारी सकाळी तात्या आमच्या स्वयंपाकघराच्या दाराशी आले. कोपरापर्यंत पीठ होतं, कपाळालाही लागलेलं होतं. बायकोला म्हणाले, "बाई, धपाटा फडक्यावर थापतो तवर बरा असतो. तव्यावर टाकाया गेलं की फाटतो. काय चुकतंय बघा बरं."

बायकोनं त्यांना बसवलं, पीठ मळून दाखवलं, ओल्या फडक्यासकट धपाटा तव्यावर उलटा कसा टाकायचा आणि फडकं कसं सोडवायचं तेही दाखवलं. तात्या चष्मा सावरून बघत होते. मग तिनं विचारलं, "शकू येणार आहे वाटतं इतक्यात?"

"न्हाई," तात्या म्हणाले. "भादवा लई लांब हाय आजून. पर हात बसाया वेळ लागंल."