नेचा सगळं सांगायचा

शास्त्रज्ञबुवांनी मेहुणीला फोन करून "तू उद्या राहायला येऊ नकोस" असं सांगितलं, तेव्हा आपण बायकोवर उपकार करतोय अशी त्यांची प्रामाणिक समजूत होती. बायको आंघोळीला गेली होती. ती बाहेर येईपर्यंत काम फत्ते करून टाकावं, असा बेत होता.

"का हो भावोजी?" मेहुणीने विचारलं.

"तुझ्या ताईला होत नाही गं आता. तू येतेस, दिवसभर सोफ्यावर पसरतेस, आणि तुझ्या सासूची गाऱ्हाणी ऐकून ऐकून तिचं डोकं उठतं."

मेहुणी म्हणाली, "असं ताई म्हणाली?"

"तिच्याच शब्दांत सांगितलं," बुवा म्हणाले. त्यात अभिमानही होता.

शब्द तिचेच होते, यात शंका नाही. फक्त ती ते बुवांना म्हणाली नव्हती. गॅलरीतल्या नेच्याला पाणी घालताना म्हणाली होती, आणि नेच्याने संध्याकाळी ते बुवांच्या कानावर घातलं होतं.

बुवा एका मोठ्या उद्यानाच्या काचघरात वनस्पतीशास्त्रज्ञ होते, आणि त्यांना झाडांशी मनातल्या मनात बोलता यायचं. पानावर बोट ठेवलं की बोलणं सुरू. ही गोष्ट त्यांनी कुणालाच सांगितली नव्हती, कारण लोक वेड्यात काढतील. कुठल्या रोपाला काय हवंय हे ते अचूक ओळखतात, म्हणून खात्यात त्यांचा दबदबा होता. झाडं फार गहन काही बोलत असतील असं आपल्याला वाटतं, पण तसं काही नसतं. पाणी, ऊन, अडकलेली मुळं आणि शेजारची कुंडी किती पसरते, यापुढे त्यांची गाडी जात नाही. कुणी जवळ येऊन काही बोललं, तर मात्र ते जसंच्या तसं बुवांना सांगतात.

आणि बुवांच्या बायकोला झाडांशी बोलायची सवय होती. त्यामुळे बुवांचा संसार फार सुखाचा चालला होता. तिची पाठ दुखायला लागली की न मागता बाम उशाशी यायचा. दुकानात पाहून मागे ठेवलेली शाल आठवड्याच्या आत घरी यायची. "आमच्या ह्यांना सांगावंच लागत नाही काही," असं ती चारचौघींत म्हणायची आणि चारचौघी आपापल्या नवऱ्यांकडे बघायच्या. हे ऐकताना बुवांना लाज वाटायला हवी होती. तेव्हा वाटली नाही. आता वाटते, पण आता वाटून काय उपयोग.

बायको केस पुसत बाहेर आली आणि तिचा फोन वाजला. बहीण रडत होती. बायकोने पुष्कळ समजावलं, पण बहिणीने मध्येच फोन ठेवला आणि नंतर उचललाच नाही.

"मी असं कुणापाशी बोलले?" बायको स्वतःशीच म्हणाली. "कुणापाशीच नाही. त्या नेच्याला सोडून."

तिने नेच्याकडे पाहिलं. मग बुवांकडे पाहिलं. बुवांना खोटं बोलायची सवय नव्हती, म्हणजे थेट विचारल्यावर खोटं बोलायची.

"त्यानेच सांगितलं," ते म्हणाले आणि मग त्यांनी सगळं सांगितलं.

तिचा विश्वास बसणार नाही, अशी त्यांना आशा होती. पण ती हिशोब जुळवत होती.

"ती शाल?"

"नेचा."

"बाम?"

"मनीप्लांट. बहुतेक."

"आई गेली, तेव्हा मी तुमच्याशी बोलले नव्हते काही. आणि तुम्ही रजा काढून माझ्यापाशी बसून राहिलात. ते?"

"कोरफड," बुवा म्हणाले.

बायको खुर्चीत बसली. "मला वाटलं होतं, तुम्हाला कळलं."

"अगं पण बहिणीबद्दल तू खरंच तसं बोलली होतीस ना?"

"बोलले होते. बोलून मोकळी झाले होते. म्हणून तर झाडाला सांगितलं, तुम्हाला नाही."

त्या दिवसापासून ती झाडांना मुकाट्याने पाणी घालू लागली. बुवांची पंचाईत झाली. अडचण आली की झाडांना विचारायचं, एवढंच त्यांना ठाऊक होतं, म्हणून त्यांनी याही वेळी तेच केलं. निवडुंग म्हणाला, "काही करू नकोस. मी पाण्यावाचून वर्ष काढतो, तिलाही जमेल." त्याचं ऐकून बुवाही गप्प राहिले, आणि घरात दोन माणसं आहेत हे फक्त भांड्यांच्या आवाजावरून कळू लागलं. मग मनीप्लांट म्हणाला, "तिची जागा बदल. उन्हात ठेव." बुवांनी तिची खुर्ची उचलून खिडकीपाशी नेली.

"मला वाळत घातलंय का?" बायकोने विचारलं. जास्वंदीने छाटणी सुचवली होती. तेवढं मात्र त्यांनी ऐकलं नाही.

नंतर एक दिवस बायकोने बाजारातून एक झाड आणलं. हिरवंगार, टवटवीत आणि प्लास्टिकचं. तिने ते आतल्या खोलीत ठेवलं, दार लोटलं, आणि बऱ्याच दिवसांनी बुवांना तिचा हलका आवाज ऐकू आला. शब्द कळत नव्हते. नेचाही विचारत होता, "ती कुणाशी बोलतेय?" त्याला काय सांगणार?

ती बहिणीची समजूत काढायला गेली, तेव्हा बुवा त्या झाडासमोर जाऊन बसले. एका पानावर बोट ठेवलं. मग दुसऱ्या पानावर. मग दोन्ही हातांनी सगळंच झाड धरलं. इतकी शांतता त्यांनी कुठल्याच झाडात ऐकली नव्हती.

"काय म्हणतंय?" परत आलेली बायको दारात उभी होती.

"काहीच नाही," बुवा म्हणाले. "बहिणीची समजूत पटली?"

"तिची पटली."

बुवांनी झाड सोडलं. "तू त्याला काय सांगतेस?" ते म्हणाले. असा साधा प्रश्न त्यांनी लग्न झाल्यापासून तिला विचारलाच नव्हता. "मला सांगशील?"

तिने थोडा वेळ विचार केला. "सांगेन हो. पण तुम्ही असे तोंडाकडे बघत बसलात तर मला सुचायचं नाही. आणि लगेच काहीतरी आणायला धावाल."

"मग काय करू?"

तिने प्लास्टिकचं झाड कोपऱ्यात सरकवलं आणि त्याच्या जागी स्टूल ठेवलं. "इथं बसा. भिंतीकडे तोंड करून. हलायचं नाही, बोलायचं नाही."

बुवा बसले. मागे खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"आमचे हे," ती म्हणाली, "तसे वाईट नाहीत."

आणि मग ती 'ह्यांच्या'बद्दल बोलत राहिली. तिच्या जवळजवळ प्रत्येक वाक्यावर बुवांना काहीतरी सांगायचं होतं, बहुतेक वेळा 'माफ कर' एवढंच. पण ते हलले नाहीत आणि बोललेही नाहीत.