फुगडीचा दावा

मंगळवारी दुपारी हितेंद्रच्या चहात छताचा पोपडा पडला. वर, बरोबर डोक्यावर, मालनच्या खोलीत सुनेची पहिली मंगळागौर रंगात आली होती. मालन आणि सून प्राची हातात हात गुंफून गरगरत होत्या, बाकीच्या बायका टाळ्या धरून होत्या. हितेंद्र ठाकूरद्वारच्या त्या चाळीचा मालक. दुसऱ्या कुणी वर जाऊन दार वाजवलं असतं, नाहीतर गवंडी बोलावला असता. हितेंद्रनं वकील बोलावला.

नोटीस आली. फुगड्या घालून इमारतीची नासधूस केल्याबद्दल खोली खाली करा.

"माझ्या फुगडीन?" खाली तोंड करून मालन कडाडली. "मेल्या, छताक शेवटचो चुनो तुझ्या आज्यान लावल्यान!"

"गप रव गो," तिचा नवरा सीताराम म्हणाला. "कोर्टाचा काम आसा. ह्याच खोलीत जन्मलंय मी. दुसरी जागा खंय आसा आपल्याक?"

तारखा पडत गेल्या. दर तारखेला मालकाचा वकील नवा अर्ज घेऊन यायचा. वरून झिम्म्याचा आवाज येतो. वरून पाटा-वरवंटा वाजतो. वरून कुणीतरी मुद्दाम टाचा आपटतं. मालनचं घर चवड्यांवर चालू लागलं. वरवंट्याखाली फडकं आलं. शिंक यायला लागली की सीताराम आधी खाटेवर जाऊन बसायचा. प्राचीला मुलगा झाला, रांगला, भिंत धरून उभा राहिला. पहिलं पाऊल टाकणार तोच आजोबांनी त्याला वरच्यावर उचललं.

"नको रे राजा. पुरावो होतलो."

शेवटी कोर्टानं हुकूम काढला, कोर्टानंच नेमलेल्या कमिशनरनं जागेवर जाऊन पाहणी करावी. भाडेकरूंचा वकील राजेश घाम पुसत आला.

"काकू, फुगडी घालून दाखवायची. कमिशनरसमोर."

"कोर्टाच्या हुकमान फुगडी?"

"हो. आणि जोरात घाला हां. हळू घातली तर म्हणतील नाटक केलं."

"आणि काय पडला तर?"

राजेशनं पुन्हा घाम पुसला.

कमिशनरबाई आल्या, तरुण, हातात मोजपट्टी. खाली हितेंद्रनं पांढरीशुभ्र चादर अंथरली आणि प्रसादाची वाट पाहावी तसा मान वर करून उभा राहिला. वर मालननं पदर खोचला. तिच्या पायांना फुगडीची सवय राहिली नव्हती. गळा मात्र विसरला नव्हता.

"हळू टाक पाय, बाई, हळू टाक पाय,
घर सुटलं हातून तर उरलं तरी काय!"

पाय मात्र तिनं जोरात टाकले. प्राचीनं टाकले. शेजारणीही फुगडीत उतरल्या. देव्हाऱ्यातली घंटा आपसूक किणकिणली.

"हे असं नव्हतं त्या दिवशी!" हितेंद्र धापा टाकत वर आला. "दमच नाही यांच्यात. मॅडम, असं होतं! असं! असं!" आणि तो स्वतःच खोलीच्या मधोमध उड्या मारू लागला.

सगळे खाली गेले. चादरीवर एक मेलेला डास होता. जे पडायचं होतं ते चहाच्या दिवशीच पडून गेलं होतं.

दावा फेटाळला गेला. पेढे वाटले. सीतारामनं नातवाला हळूच जमिनीवर सोडलं आणि तो धपधप करत दारापर्यंत चालला. ती धपधप ऐकायला शेजारपाजार गोळा झाला. मालनचे डोळे भरून आले.

चाळीची मागची गॅलरी बरीच वर्षं लाकडी टेकूंवर उभी होती. ती मालकानं दुरुस्त करावी म्हणून सगळ्या भाडेकरूंचा एक दावा वेगळा चालू होता. त्याचा निकाल लागला त्या दुपारी राजेश पुन्हा आला. चपला काढायचंही त्याला सुचलं नाही.

"काकू, कमिशनरचा अहवाल मालकानं तिकडे लावला. इतक्या बायका नाचल्या, वर मालक नाचला, तरी कण पडला नाही. म्हणजे इमारत ठणठणीत. दुरुस्ती नामंजूर."

"आणि ते टेकू?"

"मालकाचं म्हणणं, टेकू तुम्हीच लावलेत. कोर्टाची सहानुभूती मिळवायला."

सीताराम खाटेवर बसला. या वेळी शिंक आली नव्हती.

"गॅलरी कोसळली तर पालिका सगळ्यांनाच बाहेर काढेल," राजेश म्हणाला. "मग खोली गेलीच. मालकाला तेच तर हवंय."

"मग आता?"

"अपील करू. पुन्हा कमिशनरची पाहणी मागू. फक्त..." त्यानं नजर खाली वळवली. "या खेपेला काहीतरी पडायला हवं, काकू."

तो गेला. मालननं पदर खोचला आणि प्राचीपुढे हात केले. गाणं नव्हतं, नुसते पाय होते. लादी दणदणत होती, खालून कुणी ओरडतही नव्हतं.

"पड गो बाय," फिरता फिरता ती घराला विनवत होती. "माझे आये, वायच पड. आमच्यार नको, थय कोपऱ्यात पड. पण पड."

लग्न होऊन आल्यापासून ज्या घरानं तिचं सगळं ऐकलं होतं, त्यानं त्या दुपारी काही ऐकलं नाही.