पावणेआठच्या आत मरणारे ओटोसाहेब

ओटोसाहेब आठवड्यातून दोनदा तरी आमच्या जिन्यात मरायचे. छातीला हात लावायचे, कठड्याला धरून सावकाश खाली घसरायचे, डोळे मात्र उघडेच. मग उठून पँट झटकायचे आणि विचारायचे, "खलास?" आम्ही मान डोलावली की खुशीत कामाला जायचे.

ही गोष्ट बहारीनहून सौदीला जाणारा पूल व्हायच्या आधीची. मनामाच्या नईम भागात ते आमच्या वरच्या मजल्यावर राहत. मी ज्या हॉटेलात स्टोअरकीपर होतो, तिथेच ते रिसेप्शनचे साहेब. मूळचे ऑस्ट्रियाचे, आणि पेशाने नट. बाकी त्यांचं मला काही म्हणजे काही कळलं नाही. बहारीनला कसे आलात असं विचारलं, तर एकदा म्हणाले शूटिंगला आलो आणि निर्माता पळाला. पुन्हा विचारलं, तर डॉक्टरांनी उष्ण हवा सुचवली होती. दोन्ही वेळा चेहरा सारखाच प्रामाणिक.

व्हिएन्नात त्यांनी बावीस वर्षं नाटकं केली, चौदा सिनेमे केले, आणि सगळीकडे मेले. गोळीने, विषाने, घोड्यावरून पडून, बर्फात गाडले जाऊन. एकदा मला अल्बम दाखवला. एका फोटोत पलंग आणि त्यावर पांढरी चादर.

"हा मी," ते अभिमानाने म्हणाले.

मी फोटो उलटसुलट करून पाहिला. चादरीबाहेर फक्त बूट दिसत होते. फोटो छान आलाय म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

त्या वर्षी गणपतीत आमच्या मंडळाने नाटक बसवलं. त्यात एक गोरा कलेक्टर होता, चांगला तीन अंकभर. दरवर्षी असली भूमिका आमचा दिग्दर्शक परांजपेच तोंडाला पावडर थापून करायचा. यंदा शेजारी खरा गोरा असताना पावडर कशाला, म्हणून तो साहेबांना विचारायला गेला. साहेबांनी मराठीचा गंध नसताना सगळी वाक्यं पाठ केली. अट एकच घातली. कलेक्टर पहिल्याच अंकात मेला पाहिजे, तोही पावणेआठच्या आत. परांजपे चक्रावला. आमच्यात एकेका वाक्यावरून रुसवेफुगवे चालायचे, आणि हा माणूस दोन अंक सोडून देतो? तो समजावत राहिला, तेव्हा साहेब म्हणाले, नाहीतर मी कामच करणार नाही. शेवटी परांजपेने कलेक्टरला मारलं आणि उरलेले दोन अंक त्याच्या हेडक्लार्कला दिले.

प्रयोगाच्या संध्याकाळी साहेब असे काही मेले, की हॉलमधली पोरंसुद्धा गप्प झाली. माझी बायको सुमन माझा दंड घट्ट धरून बसली होती. मध्यंतरात, आपल्या पद्धतीप्रमाणे, शाल-श्रीफळ देऊन त्यांचा सत्कार होता. माईकवरून तीनदा नाव पुकारलं, साहेबांचा पत्ता नाही. अध्यक्ष शाल उलगडून ताटकळत उभे. मी त्यांना शोधायला मागच्या बाजूला धावलो.

साहेब मागच्या दाराबाहेर उभे होते. छातीवर लाल रंग तसाच, केस मात्र नीट विंचरलेले, नजर रस्त्याकडे. कोणी यायचंय का, मी विचारलं. त्यांनी नकारार्थी मान हलवली. मग सांगू लागले. त्यांची बायको कधी नाटकगृहात आली नाही, तिला नवऱ्याचं मरण बघवायचं नाही. पण टोप्यांच्या दुकानातलं काम आटपून प्रयोगाच्या दिवशी ती पावणेआठला मागच्या दाराशी यायची. त्यांचा हात हातात घेऊन गरम आहे ना ते बघायची, आणि मगच घरी जायची. अशी बावीस वर्षं. ती गेली, आणि त्यांनी व्हिएन्ना सोडलं.

"आता मी मेलो," ते इंग्रजीत सावकाश म्हणाले, "की मी जिवंत आहे का ते बघायला कोणी येत नाही."

सांत्वन करण्याइतकं इंग्रजी मला येत नव्हतं. तेवढ्यात मागून सुमन धापा टाकत आली.

"अहो, त्यांना विचारा ना, खरंच लागलं नाही ना कुठे?" ती म्हणाली. "मला तिथे बसवेना."

मी साहेबांना सांगायला तोंड उघडलं, पण त्यांनी आधीच हात पुढे केला होता. सुमनने एकदा माझ्याकडे पाहिलं, आणि तो दोन्ही हातांत धरला. मग घाबरून मला म्हणाली,

"अहो, यांना ताप आहे का? हात केवढा गरम लागतोय."