तात्यांचं नाक

पेणमध्ये जन्मभर गणपती करणाऱ्या माणसाला नाक करता येत नाही, हे सुशीलला बाप मरायला टेकला तेव्हा कळलं. डॉक्टरांनी "घरी न्या" म्हटलं, आणि घरी येताच तात्यांनी हुकूम सोडला: भिंतीवर आधार कार्डातला फोटो लावायचा नाय, त्यात मी पकडून आणल्यासारखा दिसतो. माझं तोंड शाडूत कर, आणि मी असतानाच दाखव. (नंतर चुका कोण काढणार?)

सुशीलचा जीव एवढ्यातच अडकलेला. आजवर त्याच्या प्रत्येक मूर्तीला तात्या नुसतं "हूं" म्हणाले होते. एकदा "जमलं" म्हणावं, मग खुशाल जावं.

कपाळ जमलं, खप्पड गाल जमले. नाकाशी मात्र हात ऐकेना. लहानपणापासून वळल्या त्या सोंडा. नाक खाली ओढलं की थांबायचंच नाही, ओठांवरून उतरून डावीकडे वळायचं. तात्या खाटेवरून म्हणायचे, "मोदक पण दे."

शेवटी एक सरळ, देखणं नाक बसलं. तात्यांनी पाहिलं, "हा कोण?" म्हणाले आणि भिंतीकडे वळले.

मान अजून ओली, म्हणून सुशीलने ते तोंड ओटीवर फळीवर आडवं निजवलं. माती तडकू नये म्हणून तात्यांचंच जुनं धोतर भिजवून त्यावर आणि फळीवर पुढे रचलेल्या मातीच्या गोळ्यांवर लांबलचक पसरलं, आणि हात धुवायला गेला.

तेवढ्यात रोह्याहून आनंदीआत्या आली, तात्यांची धाकटी बहीण. भावाला शेवटचं बघायला निघालेली. दारातच धोतराखाली झाकलेला भाऊ दिसला, तिने पिशवी टाकली आणि त्याच्यावर अंगच टाकलं. "दादा रे, थांबला नायस. किती गार पडलायस."

सुशीलची बायको अनिता कपबशी घेऊन चालली होती. म्हणाली, "आत्या, तात्या आत हायत. चहा मागतायत."

आत्याला वाटलं, दुःखाने सुनेचं डोकं फिरलं. ती आणखी जोरात रडली.

आतून आवाज आला, "आनंदे, रडतेस बरी. आत येऊन रड, इथं नीट ऐकू येत नाय."

धोतर काढलं तर नाक चपटं होऊन उजवीकडे कललेलं. सुशीलला रडू फुटायचंच बाकी होतं. तात्यांनी ते जवळ आणायला लावलं, स्वतःच्या नाकावरून बोट फिरवलं.

"जमलं."

"तात्या, ते आत्याने..."

"दिसतंय. आनंदे, सीझनला येशील काय गो?"

दिवेलागणीच्या आत तात्या गेले.

बापाचा शेवटचा शब्द म्हणून सुशीलने आत्याला श्रावणात बोलावलं. नाक लागणारं कारखान्यात दुसरं काही नव्हतं, म्हणून उंदरांवर बसवलं. आता गिऱ्हाईकं येतात, गणपती बघून "हूं" म्हणतात, आणि विचारतात, "उंदीर कोणी केला?"