टीव्हीकडे पाठ

आमच्या शेजारच्या सुमनताई पगारे टीव्हीवरचा विनोदी कार्यक्रम टीव्हीकडे पाठ करून बघतात. खोटं वाटत असेल तर रविवारी पंचवटीत आमच्या सोसायटीत या. टीव्ही त्यांच्या मागे, आणि त्या आमची तोंडं न्याहाळत बसलेल्या. कोण कुठे हसतं, यावर करडी नजर!

कार्यक्रम आपल्याच लोकांची टिंगल करणारा. भारतीय माणूस रांगेत कसा घुसतो, 'नको नको' म्हणत दोन कप चहा कसा पितो. "स्वतःवर हसला तो आपला," हे ताईंचं ब्रीद. जन्मभर शाळेत शिकवलेलं, त्यामुळे निकाल जागच्या जागी. एकदा टीव्हीतल्या माणसाने हिरवा दिवा लागायच्या आतच हॉर्न वाजवला, तशी मी फिसकन हसले. "रोज द्वारका चौकातल्या सिग्नलला हेच करतेस ना? पास!" आमचे हे जरा उशिराच हसतात. त्यांना म्हणाल्या, "भाऊजी, तुम्ही एटीकेटीवाले भारतीय." बिचारे आठवडाभर फुगून बसले होते.

पाठ करून बसण्याचं खरं कारण मला पुढे कळलं. ताईंच्या हातात मोबाईल असतो आणि त्यात कॅनडातला मुलगा, राहुल. त्याला आईच्या खांद्यावरून आपला टीव्ही दिसतो आणि आईला तो.

गेल्या आठवड्यात राहुलने तिकडचं नागरिकत्व घेतलं. शपथबिपथ झाली. ताईंनी पेढे वाटले खरे, पण माझ्या हातावर पेढा ठेवताना म्हणाल्या, "पोरगं परकं झालं गं."

त्या रविवारी विषय होता निरोप घेणारा पाहुणा. 'येतो हं' म्हणतो आणि दारात तासभर चपला घालत गप्पा हाणतो. आम्ही पोट धरून हसलो. आमचे हेसुद्धा वेळेवर हसले! राहुल मात्र ढिम्म. ताईंचा चेहरा असा उतरला, की मी हसू गिळलं.

"राहुल, तुला हसू नाही आलं रे?" ताईंनी मोबाईल तोंडाजवळ नेत विचारलं.

"कशाचं हसू, आई?" तो गोंधळूनच गेला. "यात विनोद काय आहे? आपल्याकडे दारातच तर बोलतात सगळं. परवा मीच मित्राच्या दारात तासभर उभा होतो. बाहेर बर्फ पडतोय, आतून त्याची बायको ओरडतेय, दार लावा म्हणून!"

ताई पदर तोंडाला लावून रडायला लागल्या, आणि रडता रडता हसायला. माझा तर जीव भांड्यात पडला.

"आई, अगं झालं काय?"

"काही नाही रे. ते 'आपल्याकडे' म्हणालास ना? परत एकदा म्हण."