सखारामदादांच्या सड्यावर

गाईला वळसा घालायला शिकवणारा माणूस मी एकच पाहिला, आमच्या शेजारचे सखारामदादा. वाडीमागच्या सड्यावर, उघड्या कातळाच्या माळावर, फार जुन्या काळच्या माणसांनी कोरलेली चित्रं आहेत: एक हत्ती, दोन मासे, काही हरणं. "अगो, माशावरनं नको, तिकडनं!" दादा ओरडत, आणि गाय खरोखर तिकडून जाई.

दादा निवृत्त पोस्टमन. दोन वाड्यांचं टपाल पोचवताना रोज सडा ओलांडावा लागे. एका उन्हाळ्यात गवत जळालं आणि त्यांना हत्तीची सोंड दिसली. तेव्हापासून केरसुणी आणि पाण्याचा तांब्या त्यांच्या हातून सुटला नाही. रेषेत पाणी ओतलं की चित्र उठून दिसतं. पाहुणे परतले की ते रेषा पुन्हा मातीने भरत. "मातीखाली असतं ते टिकतं," हे त्यांचं पालुपद.

कोणीही आलं की पहिलं वाक्य ठरलेलं. "मेल्या, चपला काढ आधी!" रस्त्याच्या मोजणीला आलेल्या साहेबांनाही त्यांनी भर दुपारी अनवाणी केलं.

"आजोबा, फोड येतील," साहेब तापल्या कातळावर नाचत म्हणाले.

"येऊ देत. तुमचे बरे होतील, कातळाचे नाही."

मी बातमीसाठी गेलो होतो. चित्रांभोवती दगडी गडगा, म्हणजे रचलेल्या दगडांचं कुंपण, घालायचा होता आणि त्याच्या बाहेरून रस्ता जाणार होता. अगदी कडेला एक लहानसं पाऊल कोरलेलं होतं. साहेबांनी तेही जुन्या चित्रांच्या यादीत घेतलं.

"ते धरू नका," दादा म्हणाले. "ते मी कोरलंय."

कोणी कातळावर नाव कोरलं तर त्याच्या सात पिढ्या उद्धरणारा हा माणूस! आम्ही बघतच राहिलो.

"बेबीचं आहे. माझी मुलगी. सहा वर्षांची होती. हे कोरलं, त्याच वर्षीच्या पावसाळ्यात तापाने गेली."

इतकी वर्षं शेजारी राहून मला हे माहीत नव्हतं.

"राहू द्या यादीत," साहेब हळूच म्हणाले. "कोणाला कळतंय?"

"एक खोटं शिरलं, की हत्तीवर कोण विश्वास ठेवील?"

गडग्याची आखणी पावलाच्या अलीकडून गेली; पाऊल बाहेर, रस्त्याच्या जागेत राहिलं.

खडी पडायच्या आदल्या सकाळी दादा तिथे उकिडवे बसले होते. चपला लांब काढलेल्या. चाळलेली माती पावलात भरून अंगठ्याने दाबत होते. आधी टाच, मग एकेक बोट.

"दादा, यावर डांबर येणार," मी म्हणालो.

"येऊ दे," ते म्हणाले. "मातीखाली आहे ती."